लिस्बनची फुलं आणि गोव्याचा धडा

काही दिवसांपूर्वी एका शाळेत सामान्यज्ञान स्पर्धेचा परीक्षक म्हणून गेलो होतो. प्रश्न आला, ‘गोवा पोर्तुगीजांच्या ताब्यातून कधी मुक्त झाला?’ दहा-बारा हात वर गेले. १९ डिसेंबर १९६१. उत्तर बरोबर होतं. स्पर्धा संपल्यावर मी त्या मुलांना सहज विचारलं, ‘आणि पोर्तुगाल कधी मुक्त झाला?’ मुलं एकमेकांकडे बघायला लागली. एक जण म्हणाला, ‘सर, पोर्तुगाल तर राज्य करणारा देश. तो कुणापासून मुक्त होणार?’

त्या मुलाचा प्रश्न चुकीचा नव्हता. जो देश दुसऱ्यावर राज्य करतो, तिथली माणसं निदान स्वतःच्या घरी तरी मोकळी असतील, असं आपण धरून चालतो. पोर्तुगालमध्ये तसं नव्हतं. पोर्तुगीज लोक मुक्त झाले ते २५ एप्रिल १९७४ रोजी, म्हणजे गोवा सुटल्यानंतर बारा वर्षं आणि चार महिन्यांनी. आणि त्यांच्या मुक्तीच्या कहाणीत गोव्याचाही थोडा वाटा आहे. आज त्याच कहाणीबद्दल बोलायचं आहे.

१९२६ साली पोर्तुगालमध्ये लष्करानं सत्ता घेतली. लष्करी अधिकाऱ्यांना देश चालवणं जमेना, म्हणून त्यांनी अर्थशास्त्राच्या एका प्राध्यापकाला अर्थखातं दिलं. त्यांचं नाव आंतोनियु सालाझार. १९३२ मध्ये ते पंतप्रधान झाले आणि पुढं छत्तीस वर्षं त्या खुर्चीवरून हलले नाहीत. वर्तमानपत्रांतल्या मजकुरावर सरकारी निळी पेन्सिल फिरायची. ‘पीडे’ नावाचे गुप्त पोलीस कुणालाही उचलून न्यायचे. १९७० च्या सुमाराला त्या देशात दर चार माणसांमागे एकाला लिहिता-वाचता येत नव्हतं. पोटासाठी लाखो माणसं फ्रान्सला निघून गेली.

सालाझार यांचा हट्ट एकच होता. वसाहती या वसाहती नाहीतच, ते पोर्तुगालचेच सागरापलीकडचे प्रांत आहेत. १९५१ मध्ये कायद्यातला शब्दच त्यांनी बदलून टाकला. मग स्वतःचाच प्रांत सोडण्याबद्दल चर्चा कसली? भारतानं अनेक वर्षं समजुतीचा मार्ग धरला. उत्तर एकच, नाही.

डिसेंबर १९६१ मध्ये भारतीय सैन्य गोव्यात शिरलं, तेव्हा तिथले गव्हर्नर जनरल होते वासालो ई सिल्वा. सालाझार यांनी त्यांना आधीच तार पाठवली होती. आशय असा, की शरणागती नको. पोर्तुगीज सैनिक आणि खलाशी एकतर विजयी झालेले असतील, नाहीतर मेलेले. वासालो ई सिल्वा यांच्याकडे सैन्य होतं तीन-साडेतीन हजारांचं. विमानांची मदत नव्हती, आणि समोर कितीतरी पटींनी मोठं सैन्य. त्यांनी माणसं मरू दिली नाहीत, शरणागती पत्करली. पाच महिने युद्धकैदी राहून ते सैनिक मायदेशी परतले, तर स्वागताऐवजी पहारा! १९६३ मध्ये वासालो ई सिल्वा आणि इतर काही अधिकाऱ्यांना सैन्यातून काढून टाकण्यात आलं. पराभव सरकारच्या धोरणाचा होता, शिक्षा सैनिकांना झाली.

ही गोष्ट पोर्तुगालच्या सैन्यातला कुठलाही अधिकारी विसरला नाही. कारण त्याच १९६१ साली आफ्रिकेत अंगोलामध्ये स्वातंत्र्ययुद्ध सुरू झालं होतं. १९६३ मध्ये गिनी पेटलं, १९६४ मध्ये मोझांबिक. छोट्याशा देशाची तीन आघाड्यांवर तेरा वर्षं लढाई चालली. तरुणांना सक्तीची, चार-चार वर्षांची लष्करी नोकरी करावी लागे. आठ हजारांहून अधिक पोर्तुगीज सैनिक मेले. मेलेल्या आफ्रिकी माणसांची संख्या त्याहून कितीतरी मोठी.

१९६८ मध्ये सालाझार खुर्चीवरून पडले, नंतर आजारी झाले आणि त्यांच्या जागी मार्सेलो काएतानो आले. माणूस बदलला, हट्ट तोच राहिला. गिनीतलं युद्ध जिंकता येणार नाही, वाटाघाटी कराव्यात, असं तिथले सेनापती स्पिनोला सुचवत होते. काएतानो यांनी मान्य केलं नाही. तेव्हा आघाडीवरच्या तरुण कॅप्टनांच्या मनात शंका आली, की उद्या इथं हरलो, तर गोव्यासारखं खापर आपल्याच डोक्यावर फुटणार.

या कॅप्टनांची चळवळ काही फार उदात्त हेतूनं सुरू झाली, असंही नाही. १९७३ साली सरकारनं बढतीचे नियम बदलले आणि त्यामुळे ते चिडले होते. पण बढतीबद्दल बोलायला बसलेली माणसं बघता बघता युद्धाबद्दल बोलायला लागली, आणि युद्धावरून विषय राजवटीवर गेला.

यापुढचा भाग रेडिओवर सांगताना मला विशेष आनंद होतो, कारण या क्रांतीची खूण रेडिओनंच दिली. २४ एप्रिलच्या रात्री अकराला पाच मिनिटं कमी असताना लिस्बनच्या एका केंद्रावरून एक साधं प्रेमगीत लागलं. त्याच वर्षी युरोव्हिजन स्पर्धेत पोर्तुगालतर्फे गेलेलं. अर्थ एवढाच, तयार राहा. रात्री बारा वाजून वीस मिनिटांनी दुसऱ्या केंद्रावरून झेका अफोन्सो यांचं ‘ग्रांदोला’ हे गाणं वाजलं. अर्थ, निघा. देशभरातल्या छावण्यांतून गाड्या बाहेर पडल्या.

सकाळी रेडिओवरून सूचना आली, नागरिकांनी घरातच राहावं. लिस्बनकरांनी ती ऐकली आणि सगळे रस्त्यावर आले! सेलेस्त काएरो नावाची एक स्त्री एका उपाहारगृहात काम करायची. त्या दिवशी उपाहारगृहाचा वाढदिवस होता, म्हणून फुलं आणली होती. क्रांतीमुळे ते उघडलंच नाही, आणि फुलं तिच्या हाती आली. एका सैनिकानं तिच्याकडे सिगारेट मागितली. सिगारेट नव्हती, म्हणून तिनं कार्नेशनचं फूल दिलं. त्यानं ते बंदुकीच्या नळीत खोचलं. बघता बघता शहरभर बंदुकांवर लाल फुलं दिसायला लागली.

काएतानो एका लष्करी ठाण्यात आसऱ्याला गेले होते. बाहेर साल्गेरो माया नावाचा कॅप्टन वेढा घालून उभा. सत्ता रस्त्यावर पडू नये, ती एखाद्या जनरलच्या हाती द्यावी, असं काएतानो यांचं म्हणणं. मग स्पिनोला यांना बोलावलं गेलं. संध्याकाळपर्यंत जवळजवळ अर्ध्या शतकाची हुकूमशाही संपली. रक्त सांडलंच नाही, असं मात्र नाही. गुप्त पोलिसांनी आपल्या कचेरीतून जमावावर गोळ्या झाडल्या, त्यात चार माणसं गेली.

दोन दिवसांत काशियासच्या तुरुंगाची दारं उघडली आणि राजकीय कैदी बाहेर आले. गोवा मुक्तिसंग्रामातले मोहन रानडे याच काशियासमध्ये होते. १९५५ पासून कैदेत असलेल्या रानडे यांची सुटका १९६९ मध्ये झाली. त्यासाठी पु. ल. देशपांडे, सुधीर फडके यांनी किती धडपड केली, हे अनेकांना आठवत असेल. त्या तुरुंगात पोर्तुगीज देशभक्तही होते, हे मात्र आपल्या ध्यानात येत नाही.

३१ डिसेंबर १९७४ रोजी नवी दिल्लीत करार झाला आणि पोर्तुगालनं गोव्यावरचं भारताचं सार्वभौमत्व मान्य केलं. सही करणारे दोन परराष्ट्रमंत्री कोण होते? पोर्तुगालचे मारियो सोआरेस आणि आपले यशवंतराव चव्हाण. सोआरेस यांना सालाझार यांच्या पोलिसांनी अनेकदा तुरुंगात टाकलं होतं, हद्दपार केलं होतं. यशवंतरावांनी इंग्रजांचा तुरुंग पाहिला होता. टेबलाच्या दोन्ही बाजूंना तुरुंग भोगलेली माणसं होती, आणि जे तेरा वर्षं अडलं होतं ते काही महिन्यांत सुटलं. वासालो ई सिल्वा यांनाही त्यांचा हुद्दा परत मिळाला.

सगळंच गोड झालं नाही. अंगोलात पुढं २००२ पर्यंत यादवी चालली, पूर्व तिमोर इंडोनेशियानं गिळला. उशिरा आणि घाईनं सोडलेल्या वसाहतींची किंमत तिथल्या लोकांनी मोजली. पोर्तुगालमध्ये मात्र बरोबर एका वर्षानं, २५ एप्रिल १९७५ रोजी, मोकळी निवडणूक झाली आणि नव्वद टक्क्यांहून अधिक लोकांनी मत दिलं.

त्या मुलाला मी एवढंच म्हणालो, ‘बाळा, गोवा आधी सुटला, पोर्तुगाल नंतर. दोघांचा जेलर एकच होता.’ पुढच्या वर्षी स्पर्धेत हा प्रश्न घालायचं शाळेनं कबूल केलं आहे.

(रेडिओवरील भाषणाचा संपादित अंश)