भटारखान्यातली तारामती

रायपूरहून पुन्हा एकदा तुमच्याशी बोलतोय.

आमच्या छत्तीसगढात ज्यांनी नाचा बघितलाय, त्यांना त्यातली ‘परी’ माहीत असते. साडी नेसून, दागिने घालून रात्रभर नाचणारी ही परी म्हणजे पुरुषच. हे इथं कुणाला खटकत नाही. आजची गोष्ट अशाच एका पुरुषाची आहे. तो भारतीय सिनेमाची पहिली नायिका झाला. नाव अण्णा साळुंके.

दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’ची जुळवाजुळव करत होते. हरिश्चंद्रासाठी दत्तात्रय दाबके मिळाले, रोहिदास तर घरचाच, मुलगा भालचंद्र. अडलं ते तारामतीपाशी. फाळके वेश्यावस्तीतही विचारून आले, पण सिनेमात काम करायला तिथूनही नकारच मिळाला. शेवटी मुंबईत ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात त्यांना हा सडपातळ, नाजूक हातांचा तरुण दिसला. तिथं तो स्वयंपाकी होता. पगार महिना 10 रुपये, असं सांगतात. फाळक्यांनी 15 देऊ केले. म्हणजे पाच रुपयांच्या वाढीवर भारताला पहिली नायिका मिळाली! 3 मे 1913 रोजी गिरगावातल्या कॉरोनेशन सिनेमात हा चित्रपट लागला.

त्याच वर्षी गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली. बालगंधर्वांचं स्त्रीरूप आपण आजही आठवतो. पण त्यांच्याजवळ गळा होता, पदं होती. साळुंक्यांचा सिनेमा मुका. डोळे, मान आणि हात, एवढ्यावरच तारामतीचं दुःख दाखवायचं होतं. आणि या माणसाच्या मागं कुठल्याही नाटक कंपनीची तालीम नव्हती.

तुम्ही म्हणाल, बाई मिळाली नाही म्हणून पुरुष घेतला, एवढंच. पण 1913 मध्येच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला कॅमेऱ्यासमोर आल्या होत्या. तरी 1917 च्या ‘लंकादहन’मध्ये फाळक्यांनी सीता दिली ती साळुंक्यांनाच. आणि रामही त्यांनाच! एकाच माणसानं राम आणि सीता दोघंही केले. आपल्याकडची ही पहिली दुहेरी भूमिका मानली जाते. पडद्यावर राम आला की प्रेक्षक पायातले जोडे काढत, असं सांगतात. तोच माणूस थोड्या वेळानं सीता होऊन अशोकवनात बसे, आणि लोक तीही मानत. ही अडचणीतली सोय नव्हती, मंडळी. हा विश्वास होता.

पुढे 1920 च्या दशकात साळुंके कॅमेऱ्याच्या मागं गेले आणि छायाचित्रणाचं काम करू लागले. स्वयंपाकी, तारामती, राम, सीता, कॅमेरामन. एका आयुष्यात एवढं!

फाळक्यांच्या नावानं आज पुरस्कार आहे. साळुंक्यांचं नाव मात्र प्रश्नमंजूषेत येतं, ‘पहिली नायिका कोण?’ म्हणून. उत्तर ऐकून लोक हसतात. पुढच्या वेळी हसण्याआधी त्या पडद्यावरच्या हातांकडे जरा बघा. कालपर्यंत ते हात चुलीपाशी राबत होते.

येतो. पुढच्या भागात भेटूच.