काचेची तार आणि तिचा सांधा

सडकेच्या कडेने पुरलेली किंवा खांबावरून लोंबणारी काळी केबल आता पुष्कळ गावांत दिसते. ग्रामपंचायतींपर्यंत असे जाळे नेण्याची योजना केंद्र सरकारने २०११ साली मंजूर केली. पुढे तिचे नाव ‘भारतनेट’ झाले. त्या केबलीच्या पोटात तांबे नाही, काच आहे. काच ही फुटणारी वस्तू. तिच्यातून बोलणे, चित्रे आणि सातबाराचे उतारे कसे जातात, आणि हे साधायला माणसाला एवढा काळ का लागला, ते आज पाहू.

मूळ गोष्ट जुनी आहे. १८४१ साली जिनेव्हात दानिएल कोलादों यांनी पाण्याच्या वाकणाऱ्या धारेतून प्रकाश वाकवून दाखवला. शिक्षकमित्रांनी हा प्रयोग वर्गात जरूर करावा. बाटलीला भोक पाडा, खोली अंधारी करा, मागून विजेरी धरा. प्रकाश धारेबरोबर खाली उतरतो. पाण्यातून हवेत निसटू पाहणारा किरण फार तिरपा पडला, तर बाहेर न जाता पूर्ण मागे फिरतो. यालाच पूर्ण आंतरिक परावर्तन म्हणतात.

पंजाबातील मोगा येथे १९२६ साली जन्मलेले नरिंदरसिंग कपानी सांगत, की प्रकाश सरळ रेषेतच जातो हे शिक्षकांचे वाक्य त्यांना शाळेतच खटकले होते. १९५४ साली लंडनमध्ये हॅरल्ड हॉपकिन्स यांच्याबरोबर त्यांनी काचतंतूंच्या जुडग्यातून चित्र पलीकडे नेले. पण एक अडचण होती. उघडे तंतू एकमेकांना चिकटले, की प्रकाश एकातून दुसऱ्यात झिरपे. त्यावर हॉलंडच्या व्हान हील यांनी त्याच वर्षी उपाय सुचवला: तंतूला अंगरखा घाला. पुढे १९५६ साली अमेरिकेत मिशिगनच्या लॉरेन्स कर्टिस या विद्यार्थ्याने एका जातीच्या काचेची कांडी दुसऱ्या जातीच्या काचेच्या नळीत घालून, तापवून, दोन्ही मिळून एक तंतू ओढला. आतला गाभा, बाहेरचे काचेचेच आवरण. हेतू होता पोटात डोकावण्याचा. टेलिफोनचा विचार तेव्हा दूरच होता.

दूर का, तर काच प्रकाश खाऊन टाकी. त्या काळच्या काचेत वीस मीटर जाता जाता प्रकाशाचा शंभरावा हिस्सा उरे. खिडकीच्या तावदानाची कड बघा, हिरवट दिसते. तो लोखंडाचा अंश. इंग्लंडमधील हार्लो येथे काम करणारे चार्ल्स काओ आणि जॉर्ज हॉकहॅम यांनी १९६६ साली लिहिले, की दोष काचेचा नाही, तिच्यातल्या भेसळीचा आहे. एक किलोमीटरनंतर शंभरावा हिस्सा उरेल एवढी शुद्ध काच करा, मग टेलिफोन चालेल. १९७० साली अमेरिकेच्या कॉर्निंग कंपनीतील मॉरर, केक आणि शुल्ट्झ यांनी ती मर्यादाही ओलांडली. आज तेवढाच हिस्सा उरायला प्रकाशाने शंभर किलोमीटर जावे लागते. काओंना २००९ चे नोबेल मिळाले, ते रास्तच. पण कपानींचे नाव त्यात हवे होते, असे माझे मत आहे.

आपल्याकडे पहिला मान पुण्याला मिळाला. तेथील टेलिफोन केंद्रे जोडायला १९७९ साली ही तार घातली गेली.

आता तिचे अंतरंग पाहू. काचेचा तंतू, आवरणासकट, मिलिमीटरचा आठवा हिस्सा जाड. गाभा दोन तऱ्हेचा. जाड गाभ्यात किरणांना अनेक वाटा मिळतात. जत्रेहून एकाच वेळी निघालेली माणसे कुणी सडकेने, कुणी बांधावरून आली, तर गावात पुढेमागे पोचतात. तसे इथे होते आणि लांबवर संदेश पुसट होतो. म्हणून ही ‘मल्टीमोड’ जात एखाद्या इमारतीत किंवा आवारात वापरतात. दुसऱ्या ‘सिंगलमोड’ जातीचा गाभा मिलिमीटरच्या शंभराव्या हिश्शाहूनही थोडा बारीक. तिथे वाट एकच. गावोगाव आणि समुद्राखालून जाते ती हीच. काचेवर प्लॅस्टिकचा लेप, मग नळी, ओढ सोसणारे चिवट धागे, कणखर कांडी आणि वर काळे कवच. ओढाताण कवच आणि धागे सोसतात, काच नाही.

खरी कसोटी सांध्यापाशी लागते. तांब्याची तार पिळून वर पट्टी गुंडाळली, की काम भागते. इथे केसाहून कितीतरी बारीक गाभा दुसऱ्या गाभ्यासमोर अचूक यावा लागतो. कारागीर लेप सोलतो, स्पिरिटने पुसतो, काचेवर चरा पाडून तिचे टोक सपाट तोडतो, आणि यंत्रात दोन टोके समोरासमोर आणून विजेच्या ठिणगीने वितळवून एकजीव करतो. हेच स्प्लायसिंग. वर पोलादी काडी असलेली नळी तापवून आवळतात.

जिथे जोड काढायचा-घालायचा असतो, तिथे कनेक्टर. त्यात चिनी मातीच्या जातीच्या कणखर नळकांड्यात तंतू बसवलेला असतो. निळ्या कनेक्टरचे टोक सरळ घासलेले, हिरव्याचे आठ अंश तिरपे, परतणारा प्रकाश बाजूला जावा म्हणून. निळ्यात हिरवा खुपसू नये. धुळीचा कणही गाभा झाकतो, म्हणून टोपी काढून ठेवू नका. आणि टोकात डोळा लावून पाहू नका, तो प्रकाश दिसत नाही पण डोळ्याला इजा करतो.

रस्ता खणताना जेसीबीने केबल तोडली, की गावाचे सगळे दाखले अडतात. मग एका टोकाकडून प्रकाशाचा ठोका सोडतात आणि तो परतायला किती वेळ लागला, यावरून तुटल्याची जागा काढतात. खड्डा खणून, वर छत्री धरून, कारागीर तिथे बसतो आणि एकेक तंतू रंग पाहून जोडत जातो: निळ्याला निळा, नारिंगीला नारिंगी, हिरव्याला हिरवा.