फातोर्ड्याचा उंबरठा

फादर विल्यम रॉबर्ट लायन्स हे ब्रिटिश धर्मगुरू १८८३ साली प्रकृतिस्वास्थ्यासाठी बार्देशातील शिवोली गावी आले आणि येताना फुटबॉल घेऊन आले, अशी नोंद गोमंतकाच्या क्रीडेतिहासात सापडते. पुढे हडफडे येथे त्यांनी सेंट जोसेफ शाळा काढली आणि अभ्यासाच्या वेळापत्रकात ह्या खेळाला मानाचे स्थान दिले. राज्य पोर्तुगिजांचे, खेळ आणणारा ब्रिटिश आणि खेळणारी मुले कोंकणी. असा हा त्रिवेणी संगम होता. शाळेतून बाहेर पडलेली मुले शिक्षक झाली, काही सेमिनरीत गेली, आणि जेथे जेथे ती गेली तेथे तेथे चेंडू गेला. भाताची कापणी झाली की मोकळ्या शेतात बांबूचे खांब रोवायचे आणि ग्रामसंताच्या सणानिमित्त दोन वाड्यांची झुंज लावायची, ही रीत अनेक धर्मग्रामांतून रुजली.

ह्या इतिहासाकडे मी वळलो तो एका पराभवामुळे. खडवलीला आमच्या परिसरातील मुले भातसा नदीच्या काठी फुटबॉल खेळतात. पावसाळ्यात ते मैदान पाण्याखाली जाते आणि गणपतीनंतर पुन्हा मुलांच्या ताब्यात येते. २०१९ च्या मार्चमध्ये ह्या मुलांनी हट्ट धरला की, अंधेरीला अंतिम सामना आहे, फादर, आपण जाऊ या. प्रायश्चित्तकाळाचा दुसरा रविवार होता. सकाळच्या मिस्सा आटोपल्या, दुपारची लोकल पकडली, दादरला पूल ओलांडून पश्चिम रेल्वे गाठली. गोव्याचा संघ खेळणार होता आणि माझी आजी गोव्याची. एवढे कारण मला पुरेसे होते. सामना १७ मार्चचा. त्याची हकीकत यथाक्रम येईल. परंतु त्या रात्री परतीच्या गाडीत एका मुलाने विचारलेला प्रश्न आजही माझ्या मनात घोळतो. तो म्हणाला, "फादर, हे लोक एवढे चांगले खेळतात, मग जिंकत का नाहीत?"

प्रश्न बाळबोध खरा, पण त्याचे उत्तर शोधावयाचे तर थोडे मागे जावे लागते.

१९६१ च्या मुक्तीनंतर गोवा भारतीय फुटबॉलमध्ये उतरला. तत्पूर्वी गोमंतकीय वंशाचे खेळाडू मुंबईत नाव कमावून होतेच. टाटांकडून खेळणारे नेव्हिल डिसोझा ह्यांनी १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये यजमान ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल करून भारताला उपांत्य फेरीत नेले. ऑलिंपिकमध्ये असा पराक्रम करणारे ते पहिले आशियाई. तेथून पुढे मात्र युगोस्लाव्हियाकडून १-४ आणि कांस्यपदकाच्या सामन्यात बल्गेरियाकडून ०-३ अशी हार पत्करून आपला संघ चौथा आला. उंबरठ्यावरून परतण्याची कथा आपल्या फुटबॉलला नवी नाही.

राज्यांच्या संतोष करंडक स्पर्धेत गोवा १९७८-७९ साली श्रीनगरला अंतिम सामन्यापर्यंत पोहोचला आणि बंगालकडून एका गोलने हरला. १९८२-८३ साली कोलकात्यात पुन्हा बंगालशीच गाठ पडली. अंतिम सामना गोलशून्य, पुन्हा खेळविला तोही गोलशून्य. शेवटी दोघांना संयुक्त विजेते ठरविण्यात आले. पुढल्याच वर्षी मद्रासमध्ये पंजाबला १-० असे हरवून गोव्याने करंडक एकट्याच्या नावावर केला. ह्या संघाचा कणा होते गोलरक्षक ब्रह्मानंद शंखवाळकर. १९८९-९० मध्ये मडगावात, नव्याने उभारलेल्या फातोर्डा मैदानावर, केरळचा २-० असा पराभव करून घरच्या लोकांसमोर करंडक उंचावण्याचे भाग्यही गोव्याला लाभले. सेमिनरीत आम्ही काही जण फुटबॉलवेडे होतो, आणि गोव्याकडचा एखादा बंधू भेटला की ह्या विजयाची गोष्ट त्याच्याकडून ऐकल्यावाचून आमची सुटका नसे.

नंतर आले क्लबांचे युग. खाणमालक आणि उद्योजक ह्यांच्या आश्रयाने साळगावकर, धेंपो, चर्चिल ब्रदर्स हे संघ वाढले. साळगावकरने १९९८-९९ मध्ये राष्ट्रीय लीग जिंकली. २००७-०८ मध्ये आय-लीग सुरू झाली आणि पहिली सहाच्या सहा विजेतेपदे गोव्यातच राहिली: धेंपो तीनदा, चर्चिल दोनदा, साळगावकर एकदा. सुमारे पंधरा लाख वस्तीच्या राज्याने सहा वर्षे साऱ्या देशाला मागे ठेवले, ही गोष्ट आपल्या वृत्तपत्रांनी क्रिकेटच्या गदारोळात कितीशी सांगितली, हे वाचकांनी आठवून पाहावे.

येथे एक भेद ध्यानात घेतला पाहिजे. लीग म्हणजे अनेक महिन्यांची मजूरी. प्रत्येकाशी घरी एकदा, त्याच्या दारी एकदा खेळायचे, गुण साठवायचे, आणि अखेरीस ज्याची कणगी भरलेली तो विजेता. एखादा दिवस वाईट गेला तर पुढल्या आठवड्यात भरपाई करता येते. २०१४ साली सुरू झालेल्या इंडियन सुपर लीगने निराळी पद्धत स्वीकारली. साखळी सामन्यांनंतर पहिल्या चौघांची उपांत्य फेरी, मग एकच अंतिम सामना, आणि त्यात जिंकणारा विजेता. अमेरिकेतील व्यावसायिक खेळांत ही रीत जुनी आहे. इंग्लंड, स्पेन, इटलीत पहिल्या श्रेणीचा विजेता आजही गुणतक्त्यावरच ठरतो. माझे मत विचाराल तर कणगी मोजण्याची पद्धत मला अधिक प्रामाणिक वाटते. अर्थात नियम सर्वांना आधीच ठाऊक असतात. तेव्हा हरल्यावर त्यांच्याकडे बोट दाखविण्यात अर्थ नाही.

एफ्‌सी गोवा हा संघ ह्या नव्या लीगसाठी २०१४ मध्ये स्थापन झाला. प्रशिक्षक म्हणून आले ब्राझीलचे झिको. हा मोठा विलक्षण योग! झिको म्हणजे १९८२ च्या त्या ब्राझील संघाचे शिल्पकार, जो संघ विश्वचषक न जिंकताही लोकांच्या स्मरणात राहिला. १९८६ साली फ्रान्सविरुद्ध त्यांचीच पेनल्टी अडविली गेली होती. पहिल्या वर्षी गोवा गुणतक्त्यात दुसरा आला. उपांत्य फेरीत कोलकात्याविरुद्ध दोन्ही सामने गोलशून्य झाले आणि पेनल्टींवर गोवा २-४ असा हरला.

दुसऱ्या वर्षी गोवा साखळीत अव्वल ठरला. त्या हंगामात मुंबईला त्यांनी ७-० असे नमविले. उपांत्य फेरीत दिल्लीविरुद्ध पहिला सामना ०-१ गमावूनही घरी ३-० असा जिंकला, आणि २० डिसेंबर २०१५ रोजी, आगमनकाळाच्या चौथ्या रविवारी, फातोर्ड्यावर अंतिम सामना रंगला. समोर चेन्नई. ८७ व्या मिनिटाला जोफ्रेच्या गोलने गोवा २-१ असा पुढे गेला. तीन मिनिटे उरली होती. नाताळ आठवड्यावर आलेला. मडगावात काय वातावरण असेल ह्याची कल्पना करावी. ९० व्या मिनिटाला चेंडू गोव्याच्याच जाळ्यात गेला आणि नोंद झाली ती गोलरक्षक लक्ष्मीकांत कट्टीमनी ह्याच्या नावावर स्वयंगोल म्हणून. भरपाईच्या वेळात मेंडोझाने तिसरा गोल मारला. चेन्नई ३, गोवा २.

कट्टीमनी गोव्याचाच मुलगा. त्याच्याविषयी पुढे पुन्हा लिहावयाचे आहे.

पुढील वर्षी गोवा तळाला गेला आणि झिकोंचे पर्व संपले. त्याच २०१६ साली धेंपो, साळगावकर आणि स्पोर्टिंग हे जुने क्लब राष्ट्रीय लीगमधून बाहेर पडले. ज्या वृक्षाला सहा वर्षे फळे लागली त्याच्या फांद्या छाटल्या गेल्या आणि गोव्याची सारी आशा ह्या एका नव्या रोपावर येऊन ठेपली. त्यामुळेच, मला वाटते, तेथील लोकांना ह्या संघाचे पराभव इतके झोंबतात.

२०१७ मध्ये स्पेनहून सर्जिओ लोबेरा आले आणि खेळाचे रूपच पालटले. आखूड पास, सतत चढाई, आणि पुढे कोरो हा गोल करणारा यंत्रासारखा माणूस. पहिल्या हंगामात त्याने अठरा गोल केले. संघ मात्र उपांत्य फेरीत चेन्नईकडून हरला. दुसऱ्या हंगामात, २०१९ साली, गोव्याने उपांत्य फेरीत मुंबईला तिच्याच मैदानावर ५-१ असे झोडपले आणि मग तो अंधेरीचा अंतिम सामना आला.

आम्ही पूर्वेकडच्या सज्जात बसलो होतो. बंगळूर तोलामोलाचा संघ होता, त्यामुळे सामना घट्ट झाला. नव्वद मिनिटांत गोल नाही. जादा वेळेत अहमद जाहू ह्याला लाल कार्ड मिळाले आणि गोवा दहा जणांवर आला. मी घड्याळाकडे पाहू लागलो. कसाऱ्याच्या शेवटच्या गाडीची धास्ती होती. मुले म्हणत होती, पेनल्टीपर्यंत थांबू या. ११७ व्या मिनिटाला बंगळूरला कॉर्नर मिळाला आणि राहुल भेके ह्याने डोक्याने चेंडू जाळ्यात घातला. भेके मुंबईचा. आमची काही मुले आनंदाने ओरडली आणि माझ्याकडे पाहून गप्प झाली. परतीच्या गाडीत तो प्रश्न आला. मी काहीतरी थातूरमातूर उत्तर दिले.

महिनाभरात गोव्याने भुवनेश्वरला सुपर कप जिंकला. पुढल्या हंगामात, २०१९-२० मध्ये, साखळीत अव्वल येऊन लीग विनर्स शील्ड मिळविले आणि आशियाई चॅम्पियन्स लीगच्या गटफेरीत जाणारा पहिला भारतीय क्लब होण्याचा मान पटकावला. परंतु हंगाम संपण्यापूर्वीच लोबेरांना निरोप देण्यात आला होता. उपांत्य फेरीत चेन्नईने पहिला सामना ४-१ असा जिंकला. गोव्याने घरी ४-२ असे उत्तर दिले. एकूण गोल पाच विरुद्ध सहा. एका गोलाने दार बंद झाले.

लोबेरा २०२० मध्ये मुंबई सिटीकडे गेले. त्यांच्यामागोमाग जाहू, फाल, बूमूस गेले आणि गोव्याचा मंदार राव देसाईही गेला. महामारीमुळे त्या हंगामाचे सर्व सामने गोव्यातच, रिकाम्या मैदानांवर झाले. मार्च २०२१ मध्ये उपांत्य फेरीत मुंबई आणि गोवा समोरासमोर आले: २-२, मग ०-०, मग पेनल्टी. मुंबई ६-५ अशी जिंकली आणि मुंबईचा निर्णायक फटका मारला तो रोलिन बोर्जिस ह्या गोमंतकीयाने. १३ मार्चला फातोर्ड्यावरच मुंबईने पहिले विजेतेपद मिळविले. आपले घर, आपले जुने गुरुजी, आपलीच मुले, आणि चषक दुसऱ्याचा. जुन्या करारातील कथांची सवय असलेल्या मला ह्यात काही अनोळखी वाटले नाही.

फातोर्ड्यावर २०१५, २०२०, २०२१, २०२२ आणि २०२३ असे पाच अंतिम सामने झाले. पाच वेळा तेथे चषक उंचावला गेला, आणि एकदाही गोव्याच्या संघाच्या हातात नाही.

तरीही त्यांतील एक सामना गोव्याच्या मुलांचा होता असे मी म्हणेन. २० मार्च २०२२ रोजी हैदराबाद आणि केरळ खेळत होते. केरळ एका गोलने पुढे असताना ८८ व्या मिनिटाला साहिल तावोरा ह्याने दुरून सणसणीत फटका मारून बरोबरी साधली. हा साहिल गोव्याचा. सामना पेनल्टींवर गेला. हैदराबादच्या जाळ्यासमोर उभा होता लक्ष्मीकांत कट्टीमनी, त्याच मैदानावर, सव्वासहा वर्षांनंतर. त्याने तीन पेनल्टी अडविल्या. हैदराबाद ३-१ असे जिंकले. दूरदर्शन संचासमोर बसलेला मी एकटाच उठून उभा राहिलो. सर्वांसमक्ष ज्या जागी मान खाली गेली त्याच जागी परतून उभे राहण्याची संधी किती जणांना मिळते? त्या रात्री मला त्या लोकलमधल्या मुलाची आठवण झाली. तो एव्हाना कल्याणला महाविद्यालयात जाऊ लागला होता.

गोव्याचे भोग मात्र संपले नाहीत. २०२४ च्या एप्रिलमध्ये उपांत्य फेरीचा पहिला सामना फातोर्ड्यावर मुंबईशी होता. नव्वदाव्या मिनिटापर्यंत गोवा २-० असा पुढे होता. नंतरच्या अवघ्या काही मिनिटांत छांगटेने दोन आणि विक्रम प्रताप सिंग ह्याने एक गोल करून मुंबईने ३-२ असा विजय खेचून नेला. दुसरा सामनाही मुंबईने २-० जिंकला आणि ४ मे रोजी कोलकात्यात चषकही. तेव्हा मुंबईचा कर्णधार होता राहुल भेके.

२०२५ मध्ये बंगळूरने पहिला उपांत्य सामना २-० असा घेतला. ६ एप्रिलच्या रविवारी फातोर्ड्यावर ८८ व्या मिनिटाला गोव्याने दुसरा गोल करून एकूण बरोबरी साधली. दूरध्वनीवर कल्याणहून तो मुलगा माझ्याबरोबर सामना ऐकवत-बघत होता. "फादर, आता पेनल्टी," तो म्हणाला. "थांब," मी म्हटले, "अजून भरपाईचा वेळ आहे." ९२ व्या मिनिटाला चाळिशीच्या सुनील छेत्रीने डोक्याने गोल केला. अकरा हंगामांत आठ वेळा उपांत्य फेरी, दोन वेळा अंतिम, आणि चषक एकही नाही.

पलीकडून बराच वेळ आवाज आला नाही. मग त्याने विचारले, "सुपर कप कधी आहे?" तो त्याच महिन्यात भुवनेश्वरला सुरू होणार होता. ३ मे रोजी गोव्याने जमशेदपूरला ३-० असे हरवून तो जिंकला. बोर्हा हेरेराने दोन गोल केले.