गाण्यावर खटला: नागपूरचे वीरा साथीदार

आज आम्ही तुम्हाला नागपूरच्या एका नटाची ओळख करून देणार आहोत. त्यांचं नाव वीरा साथीदार. त्यांचा चेहरा कदाचित तुमच्या ओळखीचा नसेल. पेशाने ते नट नव्हतेच. ते आंबेडकरी चळवळीतले कार्यकर्ते आणि ‘विद्रोही’ मासिकाचे संपादक होते. पन्नाशी उलटल्यावर चैतन्य ताम्हाणे या तरुण दिग्दर्शकाने त्यांना ‘कोर्ट’ सिनेमात मुख्य भूमिका दिली.

सिनेमात ते म्हातारे लोकशाहीर झालेत, नारायण कांबळे. दिवसा मुलांची शिकवणी घ्यायची, संध्याकाळी वस्तीत गायचं. एक दिवस पोलीस त्यांना कार्यक्रमातूनच उचलतात. आरोप काय? म्हणे, यांचं गाणं ऐकून गटार साफ करणाऱ्या एका कामगाराने मॅनहोलमध्ये जीव दिला!

मग त्या कामगाराची बायको साक्षीला येते. ती साधंच बोलते. नवऱ्याला कामावर कसलीच सुरक्षेची साधनं मिळत नव्हती. घाण वास सहन व्हावा म्हणून तो दारू पिऊन उतरायचा. आत हवा आहे का, हे झुरळं बाहेर येतात का त्यावरून ओळखायचा. मरायचं तो कधी बोललाच नव्हता. बायांनो, ही साक्ष ऐकताना आम्ही सगळ्या गप्प झालो होतो.

हे पडद्यापुरतं नाही. सुरक्षेच्या साधनांशिवाय माणसाला गटारात किंवा सेप्टिक टाकीत उतरवायला 2013 च्या कायद्याने बंदी आहे. अशा कामात मृत्यू झाला तर कुटुंबाला 10 लाख रुपये द्या, असं सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये सांगितलं. 2023 मध्ये ती रक्कम 30 लाख केली.

‘कोर्ट’ला 2014 मध्ये इटलीतल्या व्हेनिस महोत्सवात पुरस्कार मिळाले. मग सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि भारताकडून तो ऑस्करलाही गेला. एवढा मान मिळाला, तरी वीराभाऊ नागपुरातच राहिले आणि चळवळीचं काम करत राहिले.

13 एप्रिल 2021 ला, आंबेडकर जयंतीच्या आदल्या दिवशी, कोरोनाने नागपुरात त्यांचं निधन झालं. पुढे मे 2025 मध्ये नागपुरातच त्यांच्या स्मृतीचा कार्यक्रम झाला. तिथे फैज अहमद फैज यांची नज्म गायली गेली, आणि त्यावरून पोलिसांनी गुन्हा नोंदवला. सिनेमातला शाहीर गाण्यापायी कोर्टात उभा राहिला होता. तो शाहीर साकारणाऱ्या माणसाच्या आठवणीतही गाण्यावरून गुन्हा दाखल झाला.

मैत्रिणींनो, गटाच्या पुढच्या बैठकीत जमलं तर हा सिनेमा मिळून बघा. आपल्या गावात सेप्टिक टाकी साफ करायला कोण उतरतं, त्याच्याजवळ काय साधनं असतात, हे ग्रामपंचायतीत विचारा. आणि त्याच्या घरातल्या बाईलाही बैठकीला बोलवा.