अंदमानची हरणं गोड दिसतात, पण ती अंदमानची नाहीत

अंदमानला जाऊन आलेल्या कुणाचंही इन्स्टाग्राम उघडून बघा. सेल्युलर जेलचा फोटो असतो, राधानगर बीचचा सूर्यास्त असतो आणि एक व्हिडिओ हमखास असतो. रॉस आयलंडवरच्या पडक्या ब्रिटिश इमारती आणि त्यांच्यामधून बिनधास्त फिरणारी, पर्यटकांच्या हातून खाणारी ठिपक्यांची हरणं. 2018 मध्ये या बेटाचं नाव नेताजी सुभाषचंद्र बोस द्वीप झालं, पण रील्सच्या कॅप्शनमध्ये अजून 'रॉस'च चालतं.

ही हरणं म्हणजे आपलं चितळ. ताडोबात किंवा पेंचमध्ये वाघाची वाट बघताना जिप्सीतून जे डझनाने दिसतं, तेच. पण हाच प्राणी अंदमानच्या जंगलासाठी मोठी डोकेदुखी झालाय.

मग ते तिथे पोहोचलं कसं?

भारताच्या किनाऱ्यापासून अंदमान साधारण 1,200 किलोमीटर दूर आहे. इतक्या लांब जे उडत, पोहत किंवा ओंडक्यावर वाहत पोहोचू शकलं, त्यांच्यातूनच तिथली जीवसृष्टी घडली. म्हणून तिथे वाघ, बिबट्या, कोल्हा यांच्यापैकी कुणी नाही आणि मूळचं हरीणही नाही. त्याऐवजी जगात दुसरीकडे कुठेच न सापडणारे पक्षी, सरडे, पाली, बेडूक आहेत. नारकोंडम धनेश हा पक्षी तर जेमतेम 7 चौरस किलोमीटरच्या एकाच बेटावर राहतो.

चितळ आणलं ब्रिटिशांनी, विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या काळात. कारण साधं होतं: साहेबांना शिकारीला काहीतरी हवं होतं. पुढे साहेब गेले, चितळ राहिलं. ते चांगलं पोहतं, त्यामुळे एका बेटावरून शेजारच्या बेटावर जायला त्याला बोटीची गरज पडली नाही.

आपल्याकडे चितळाची संख्या वाघ, बिबटे आणि रानकुत्रे आटोक्यात ठेवतात. अंदमानात हे काम करणारं कुणीच नाही. मग 1950 च्या दशकात एक भन्नाट उपाय झाला. मध्य अंदमानच्या जंगलात दोन बिबटे सोडण्यात आले. दोन्ही माद्या निघाल्या! त्यामुळे पिल्लं होण्याचा प्रश्नच नव्हता, आणि त्या दोघीही पुढे कुणाला दिसल्या नाहीत. खरं तर बरंच झालं म्हणायचं, कारण बिबट्या चितळावर थांबला असता याची काहीच खात्री नव्हती.

पण हरीण गवतच तर खातं. त्याने काय बिघडतं?

बिघडतं ते जंगलाच्या तळाशी. चितळ नुसतं गवत खात नाही, झुडपं आणि झाडांची कोवळी रोपंही खातं. अंदमानच्या झाडांना अशा खुरवाल्या, सतत चरणाऱ्या प्राण्याची सवयच नव्हती. वरून बघाल तर जंगल हिरवंगार दिसतं, ड्रोन शॉट मस्त येतो. आत गेलात तर मोठ्या झाडांखालची जमीन मोकळी दिसते. म्हणजे म्हातारी झाडं आहेत, पण त्यांची जागा घेणारी पुढची पिढी नाही.

या झुडपांवर आणि खालच्या पालापाचोळ्यात राहणाऱ्या सरड्यांना याचा थेट फटका बसतो. भारतीय संशोधकांनी 2016 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात हेच दिसलं. जिथे चितळाचा वावर जास्त, तिथे खालची झुडपं विरळ आणि सरडेही कमी. चितळ सरड्याला हातही लावत नाही, फक्त त्याचं घर खाऊन टाकतं.

हत्तींची गोष्टही अशीच. त्यांना लाकूडतोडीसाठी आणलं होतं. 1962 मध्ये इंटरव्ह्यू आयलंडवरचा लाकडाचा धंदा बुडाला आणि तिथे साधारण 40 हत्ती तसेच सोडून दिले गेले. हे पाळीव हत्ती रानटी झाले. साल सोलायची, झाडं आडवी करायची, हे हत्तीचं नेहमीचंच काम. महाकाय जंगलात ते खपून जातं, छोट्या बेटाला झेपत नाही. हॅवलॉकच्या निळ्या पाण्यात पोहणाऱ्या राजन हत्तीचे फोटो तुम्ही पाहिले असतील. 2016 मध्ये गेलेला तो राजनही लाकडं ओढण्यासाठीच आणलेला होता.

यादी मोठी आहे. दुसऱ्या महायुद्धात जपानी ताब्याच्या काळात आफ्रिकन गोगलगाय आली. अलीकडे आपल्या पावसाळ्यातला मोठा बेडूक पोहोचला आहे, बहुधा मत्स्यबीजासोबत. हा तोच बेडूक, ज्याला गोव्यात 'जंपिंग चिकन' म्हणून चोरून मारतात आणि ज्याला वाचवण्यासाठी दर पावसाळ्यात तिथे आवाहनं होतात. अंदमानात मात्र त्याची पिल्लं स्थानिक बेडकांच्या पिल्लांना फस्त करतात.

कायदा काय म्हणतो?

खरी गंमत इथे आहे. 2022 मध्ये वन्यजीव संरक्षण कायद्यात दुरुस्ती झाली आणि आक्रमक परकीय प्रजातींसाठी पहिल्यांदाच वेगळी तरतूद आली. पण व्याख्या अशी आहे की जी प्रजाती मूळची भारतातली नाही, तीच परकीय. चितळ तर अस्सल भारतीय. बेडूकही भारतीय आणि हत्तीही. त्यामुळे अंदमानचं जंगल ज्यांच्यामुळे उघडं पडतंय, ते या तरतुदीच्या बाहेरच राहतात. उलट देशभर संरक्षित असल्यामुळे त्यांना अंदमानातही संरक्षण मिळतं. कायद्याने देशाची सीमा बघितली, बेटाची सीमा म्हणजे समुद्र, तो राहूनच गेला.

यावर उपाय आहे का?

नारकोंडमवर एकदा झालाय. तिथल्या पोलीस चौकीसाठी नेलेल्या शेळ्या रानात सुटल्या, वाढत गेल्या आणि झाडांची रोपं खाऊ लागल्या. धनेशाचं आख्खं आयुष्य त्या जंगलातल्या फळांवर अवलंबून. अखेर शेळ्या बेटावरून हटवण्यात आल्या.

पण ते बेट चिमुकलं होतं आणि शेळीसाठी कुणी भावुक होत नाही. चितळाचं तसं नाही. ते अनेक मोठ्या बेटांवर पसरलंय, दाट जंगलात पकडणं महाकठीण आहे आणि मारायचं म्हटलं तर पहिला विरोध रील बघणाऱ्या आपल्यासारख्यांचाच होईल. नसबंदीचा पर्याय बोलायला सोपा वाटतो, पण त्यासाठीही आधी प्रत्येक हरीण सापडायला हवं.

लिटल अंदमान या बेटावर मात्र चितळ पोहोचलेलं नाही. बाकी बेटांवरचं जंगल चितळ येण्याआधी कसं असेल, याचा थोडाफार अंदाज बांधायला आज तेवढी एक मोठी जागा शिल्लक आहे.