सदुसष्ट गोल आणि एक गॅरेज

डिक्सी डीन हे नाव फुटबॉलवेड्या वाचकांनी ऐकलं असेल. इंग्लंडात १९२७-२८ च्या मोसमात त्याने लीगमध्ये ६० गोल केले. मेस्सीने २०११-१२ मध्ये स्पॅनिश लीगमध्ये ५० केले, तेव्हा आपल्या मराठी वर्तमानपत्रांनीही चौकटी छापल्या होत्या. आता तिसरा आकडा सांगतो : ६७. मोसम १९२४-२५, देश चक्क अमेरिका, आणि खेळाडूचं नाव आर्ची स्टार्क. इथे माझ्या प्रयोगशाळेत फुटबॉलवर तासन् तास बोलणारी मंडळी आहेत. त्यांतल्या एकालाही हे नाव ठाऊक नव्हतं.

स्टार्क जन्माने ग्लासगोचा, १८९७ चा. मिसरूड फुटायच्या आत घरच्यांबरोबर अमेरिकेत आला, आणि कुटुंब राहिलं न्यू जर्सीतल्या कार्नी गावात. (स्पेलिंगवरून 'किअर्नी' वाटतं, पण गावकरी कार्नीच म्हणतात.) आता एवढी मोठी अमेरिका सोडून हे स्कॉट लोक कार्नीलाच का गेले? उत्तर आहे शिवणाचा दोरा. ग्लासगोजवळचं पेझ्ली हे दोऱ्याच्या गिरण्यांचं गाव. आपल्या काश्मिरी शालींची नक्कल करून त्यांनी आपल्या कोयरीलाही 'पेझ्ली' करून टाकलं, ते हेच. तिथल्या क्लार्क कंपनीने न्यूअर्क-कार्नीच्या बाजूला गिरण्या काढल्या आणि कामगारही मायदेशाहून आणले. दुसरी मोठी कंपनी कोट्स. आपल्याकडच्या 'मदुरा कोट्स' या नावातला कोट्स तो हाच. तिचा कारखाना ऱ्होड आयलंडमध्ये होता, आणि तिचाही संघ पुढे अमेरिकेच्या व्यावसायिक लीगमध्ये खेळला, १९२२-२३ मध्ये जिंकलाही.

कामगार आले, त्यांच्याबरोबर चेंडूही आला. क्लार्क गिरणीच्या संघाने १८८५ ते १८८७ असे पहिले तिन्ही अमेरिकन कप जिंकले. स्टार्क आला तोवर कार्नीत फुटबॉल मुरलेला होता. त्याने सुरुवात केली ती तिथल्या 'स्कॉटिश-अमेरिकन्स' संघातून, आणि १९१५ मध्ये या संघाने अमेरिकन कप जिंकला तेव्हा तो अवघा सतरा वर्षांचा होता. कोल्हापूरकरांना हे वेगळं समजावायला नको. तालमीचा संघ, पेठेतली पोरं, आणि हरलं तर आठवडाभर तोंड लपवायची पाळी!

मग पहिलं महायुद्ध, फ्रान्समध्ये सैन्यातली नोकरी, परतल्यावर निरनिराळे संघ. १९२१ मध्ये 'अमेरिकन सॉकर लीग' सुरू झाली आणि स्टार्क न्यूयॉर्कच्या संघाकडून खेळू लागला. १९२४ मध्ये त्याला बेथलेहेम स्टीलने घेतलं.

बेथलेहेम स्टील म्हणजे पेनसिल्व्हेनियातला पोलादाचा अवाढव्य कारखाना. न्यूयॉर्कच्या गगनचुंबी इमारतींच्या तुळया इथल्या, गोल्डन गेट पुलाचं पोलादही इथलं. आमच्या धातुशास्त्राच्या धड्यांत हे नाव पदोपदी भेटतं; फुटबॉलचं मात्र कुणी सांगत नाही. १९०७ च्या सुमारास कामगारांनीच संघ काढला, मग कंपनीने तो उचलून धरला. स्कॉटलंडहून खेळाडू आणायचे, कारखान्यात नोकरी द्यायची, मस्टरवर नाव लावायचं, आणि शनिवारी मैदानात उतरवायचं. आपल्या टाइम्स शील्डमध्ये मफतलाल, निर्लॉन, टाटा यांचे संघ असत ना, अगदी तोच मामला. १९१५ ते १९२६ या काळात या संघाने देशाचा मुख्य चषक पाच वेळा जिंकला.

तिकडे स्कॉटलंडमध्ये यावरून चांगलीच आरडाओरड झाली. तिथल्यापेक्षा चांगला पगार आणि वर पक्की नोकरी, मग चांगला खेळाडू राहील कशाला? अॅलेक्स जॅक्सन हा १९२३-२४ चा मोसम बेथलेहेमला खेळून परत गेला आणि १९२८ मध्ये वेम्बलीवर स्कॉटलंडने इंग्लंडला ५-१ असं लोळवलं तेव्हा त्यातले तीन गोल त्याचे होते. असा माणूस ज्या संघातून गेला, त्या संघात स्टार्क आला.

आणि आल्या आल्या ४४ सामन्यांच्या मोसमात ६७ गोल! म्हणजे सामन्यामागे दीड. "अमेरिकेतली लीग ती, बचाव कच्चा असणार," असं कुणीही म्हणेल. पण समोरच्या बचावफळीतही बहुधा स्कॉटलंडहून आणलेले पगारी गडीच असत. शिवाय एक तांत्रिक मुद्दा आहे, तो मला जास्त वजनदार वाटतो. ऑफसाइडचा नियम १९२५ च्या उन्हाळ्यात बदलला. त्याआधी आघाडीपटू आणि गोलरेषा यांच्यामध्ये प्रतिस्पर्ध्यांचे तीन खेळाडू असावे लागत, नंतर दोन पुरले. इंग्लंडच्या पहिल्या विभागात त्या एका बदलाने मोसमातले गोल ११९२ वरून १७०३ वर गेले. डीनचे ६० हे नव्या, सैल नियमातले. स्टार्कचे ६७ जुन्या, कडक नियमातले. तुलना करायचीच तर हे धरून करावी.

गंमत म्हणजे त्या वर्षी बेथलेहेम लीग जिंकला नाही. फॉल रिव्हरचा संघ पहिला आला, हे दुसरे. कसर पुढच्या वर्षी चषकाच्या अंतिम सामन्यात निघाली : सेंट लुइसच्या संघाविरुद्ध ७-२, त्यात स्टार्कचे तीन. १९२५ मध्ये तो अमेरिकेकडून कॅनडाविरुद्ध दोन सामने खेळला. दुसरा ६-१ असा जिंकला, त्यातले बहुतेक गोल त्याचेच. तेवढीच त्याची आंतरराष्ट्रीय कारकीर्द.

हा सगळा डोलारा कंपनीच्या मर्जीवर उभा होता. बेथलेहेम गावात प्रेक्षक जेमतेमच येत. १९२८ मध्ये लीगचे मालक आणि राष्ट्रीय संघटना यांच्यात जुंपली. लीग म्हणे, राष्ट्रीय चषकात खेळू नका. बेथलेहेम आणि आणखी दोन संघांनी ऐकलं नाही, म्हणून त्यांना हाकललं. मग लीगलाच संघटनेने बेकायदा ठरवलं आणि समांतर लीग निघाली. भांडण मिटलं ऑक्टोबर १९२९ मध्ये. त्याच महिन्यात वॉल स्ट्रीट कोसळलं! १९३० मध्ये कंपनीने संघ बंद केला. आपला महिंद्रा युनायटेडही २०१० मध्ये असाच कंपनीच्या एका निर्णयाने संपला, ते इथे आठवतं. अर्थात कारखाना तरी कुठे राहिला? १९९५ मध्ये बेथलेहेमच्या भट्ट्या विझल्या आणि २००१ मध्ये कंपनीने दिवाळं काढलं. त्या जागेवर आता कॅसिनो आहे.

त्याच १९३० मध्ये उरुग्वेत पहिला विश्वचषक होता. अमेरिकेचा संघ जहाजाने निघाला, त्यात पाच जण स्कॉटलंडात जन्मलेले होते. बेल्जियमला ३-० आणि पराग्वेला ३-० हरवून हा संघ उपांत्य फेरीत पोचला. स्टार्कलाही विचारलं होतं. तो नाही म्हणाला, कारण त्याने नुकताच मोटारींचा धंदा, गॅरेज, सुरू केलं होतं.

फुटबॉलचे इतिहासकार यावर हळहळतात. मला नाही तसं वाटत. वय ३२, कंपनीचा संघ बुडालेला, देशभर लोक कामावरून निघतायत, आणि हा माणूस जहाजाने दक्षिण अमेरिकेला जाऊन-येऊन महिनेच्या महिने दुकान बंद ठेवणार? तेही ज्या स्पर्धेचं पुढे काय होणार हे तेव्हा कुणालाच ठाऊक नव्हतं, तिच्यासाठी? परदेशात पाय रोवायला आलेल्या कुटुंबातला माणूस जे करील, तेच त्याने केलं. पुढे काही वर्षं तो कार्नी-न्यूअर्ककडच्या संघांतून खेळत राहिला. १९५० मध्ये त्याचं नाव अमेरिकन सॉकरच्या हॉल ऑफ फेममध्ये गेलं.

१९८५ मध्ये तो कार्नीतच वारला. दोऱ्याच्या गिरण्या तोवर कधीच बंद पडल्या होत्या, पण गावातली पोरं खेळत होती. १९९० मध्ये तब्बल ४० वर्षांनी अमेरिका विश्वचषकात उतरली, तेव्हा संघात कार्नीत वाढलेले तिघे होते : टोनी मिओला, टॅब रामोस आणि जॉन हार्क्स. हार्क्सचे वडील स्कॉटलंडहून आलेले.