अडकलेली कॅसेट

१९९७ ची दिवाळी. मुकुटबनच्या आमच्या घरात तेव्हा माणसांपेक्षा कापसालाच जास्त जागा होती. सीतादही होऊन पहिला वेचा घरी आला होता. समोरच्या खोलीत छातीएवढा ढीग होता आणि आम्ही पोट्टे त्याच ढिगावर झोपायचो. रात्रभर अंग खाजायचं, सकाळी केसांत सरकी निघायची. पण त्या ढिगासारखी गादी पुढं कुठं मिळाली नाही.

त्या दिवाळीला आत्या नागपूरहून आली. वणीपर्यंत एक गाडी, तिथून दुसरी. सोबत माझ्याच वयाचा आतेभाऊ, आणि त्याच्या पिशवीत गेमबॉय. आत्याच्या दिरांनी तो दुबईहून आणलेला. टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम मी वणीला एका दुकानात पाहिला होता, तासाचं भाडं देऊन पोरं खेळायची. हा मात्र हातात मावणारा. राखी रंगाचा डबा, हिरवट काच, मागच्या अंगाला कॅसेट खोचायची खाच, पोटात चार सेल. कॅसेट एकच होती, टेट्रिसची. वरून विटा पडायच्या, आपण त्या नीट बसवायच्या. बाबांनी तो हातात घेऊन पाहिला आणि म्हणाले, "दोन क्विंटल कापूस जाईन बाप्पा याच्यात." चुकारा हातात पडायचा होता, त्यामुळे त्या दिवसांत घरात सगळ्याच वस्तूंचा भाव क्विंटलमध्ये निघायचा.

आमच्या सालगड्याचा पोरगा रोज बापासोबत यायचा. माझ्यापेक्षा वर्षभरानं मोठा. आतेभावानं त्यालाही दोन डाव दिले. पोरगा हुशार. दुसऱ्याच डावात त्यानं आम्हा दोघांना मागं टाकलं. ते मला लागलं. रात्री सगळे झोपल्यावर मी गेमबॉय हळूच काढला आणि खेळत बसलो. त्याच्या आकड्याच्या वर जायचं होतं. खेळता खेळता डोळा कधी लागला कळलं नाही. यंत्र चालूच राहिलं.

सकाळी आतेभावानं पाहिलं तर काच मेलेली. "कॅसेट काढून पुसून पाहू," म्हणून ओढली, तर निघेना. मी ओढली, निघेना. मी दातांनीसुद्धा ओढून पाहिली. मग आतेभाऊ म्हणाला, "काल शेवटी त्यानंच कॅसेट काढून घातली होती." तेवढं पुरलं. आत्या म्हणाली, "कशाला देता बाई महागाची वस्तू कोणाच्याही हातात!" अंगणात उभ्या सालगड्यानं ते ऐकलं. काही न विचारता त्यानं पोराच्या दोन थोबाडीत दिल्या. पोरगा रडला नाही. माझ्याकडं पाहत उभा राहिला. काल संध्याकाळनंतर कोण खेळलं, ते मला माहीत होतं. मी कापसाच्या ढिगाकडं पाहत राहिलो.

माझे काकाजी बाजारात रेडिओ दुरुस्त करायचे. छोटीशी टपरी, एक सोल्डरिंग, एक मीटर, आणि डब्यांत भरलेलं जुनं सामान. नवीन पार्ट त्यांनी क्वचितच आणला असेल, एका रेडिओचं काढून दुसऱ्याला लावायचं. मी पक्कड घेऊन कॅसेट उपटायला बसलो होतो, तेवढ्यात ते आले. पक्कड हातातून काढून घेतली.

"काहून उपटतं बे? मुळा हाय का तो?"

त्यांनी आधी सेल काढले. मीटर लावला, चारही मेलेले. मग यंत्र उजेडात धरून चारही बाजूंनी पाहिलं. वरच्या कडेला बटण होतं, आडवं सरकणारं. ते चालू बाजूला होतं. काकाजींनी अंगठ्यानं ते बंद बाजूला सरकवलं. आत बारीक 'टक' झालं. मग दोन बोटांनी कॅसेट धरून सरळ वर ओढली. लोण्यातून सुरी निघावी तशी निघाली.

खाचेत वाकून पाहिलं आणि त्यांनी आम्हाला दाखवलं. बटण चालू केलं की आतली प्लास्टिकची एक जीभ सरकते आणि कॅसेटच्या कोपऱ्यातल्या खळग्यात जाऊन बसते. खेळ चालू असताना कॅसेट कोणी उपटू नये, म्हणून केलेली ती कडी. सेल मेले म्हणून काच कोरी, काच कोरी म्हणून आम्हाला वाटलं यंत्र बंद. पण कडीला सेल लागत नाही. ती लागलेलीच होती.

"बिघडलं काहीच नोतं," काकाजी म्हणाले. "रातभर कोणीतरी चालू ठेवलं, एवढंच."

कोणीतरी म्हणताना त्यांनी माझ्याकडं पाहिलं नाही. ते पाहिलं असतं तर सोपं गेलं असतं.

नवे सेल घातले तर काचेवर नावाच्या जागी काळा पट्टाच उतरला. आतेभावानं कॅसेट तोंडाशी नेऊन फुंकर मारायला घेतली. वणीच्या दुकानातली पोरंही तेच करायची. काकाजींनी अडवलं. "थुका उडते तिच्यात. पितळ असो का सोनं, ओल लागली का खराब." त्यांनी ढिगातलीच थोडी रुई काडीला गुंडाळली, स्पिरिटमध्ये बुडवली, कॅसेटच्या पट्ट्यांवरून हलक्या हातानं फिरवली आणि वाळू दिली. पट्ट्यांवरून आमच्याच घरच्या कापसाची तूस निघाली. कॅसेट परत बसवली आणि विटा पडायला लागल्या.

पुढं शहरात नोकरीला लागल्यावर मी या यंत्राचा इतिहास वाचून काढला. कॅसेट बदलून खेळ बदलायची सोय घरोघरी आली ती १९७६ साली, अमेरिकेतल्या फेअरचाइल्ड कंपनीच्या यंत्रातून. जेरी लॉसन हे त्या कामाचे प्रमुख होते. लहान पोरं पुन्हा पुन्हा घालणार-काढणार, तरी आतलं काही झिजू नये, जळू नये, हा त्यांच्यापुढचा मोठा प्रश्न. लोक फुंकर मारतात आणि खेळ चालू होतो, तो बहुतेक वेळा फुंकरीमुळं नाहीच. कॅसेट काढून परत बसवली की पट्ट्या घासल्या जातात आणि जोड नीट बसतो, म्हणून.

गेमबॉय १९८९ च्या एप्रिलमध्ये जपानात निघाला. त्याच्या मागचा माणूस गुनपेई योकोई. निन्टेन्डो ही मूळची क्योटोतली पत्ते छापणारी कंपनी. १९६५ साली योकोई तिथं लागले ते खेळ बनवायला नव्हे, कारखान्यातली यंत्रं चालू ठेवायला. म्हणजे मूळचा दुरुस्तीवालाच. त्यांचं म्हणणं असं की, नव्याच्या मागं धावू नये. जुनं, स्वस्त, पुरतं ओळखीचं झालेलं तंत्र घ्यावं आणि ते वेगळ्या कामाला लावावं. त्या काळी रंगीत पडद्याची यंत्रंही निघाली, पण ती सेल भराभर खायची. योकोईंनी चार छटांची हिरवट काच ठेवली. यंत्र स्वस्त पडलं, सेल टिकले, आणि पुढच्या रंगीत अवताराला धरून ते अकरा कोटींवर खपलं. हे वाचताना मला काकाजींची टपरी दिसत होती. योकोई १९९७ च्या ४ ऑक्टोबरला रस्त्यावरच्या अपघातात गेले. म्हणजे आम्ही दिवाळीत त्यांची कडी उपटत बसलो, त्याला महिनाही झाला नव्हता.

त्या दिवशी काकाजींनी दुरुस्त झालेला गेमबॉय माझ्या हातात दिला आणि एवढंच म्हणाले, "त्याले दाखवून ये, चालू झाला म्हणून." मी सालगड्याच्या घरी गेलो. पोरगा दारातच बसला होता. मी यंत्र पुढं केलं. "चालू झाला. काही तुटलंच नव्हतं." तो म्हणाला, "माह्याच्यानं नाहीच तुटलं." मी म्हणालो, "खेळतं का?" तो म्हणाला, "नको." रात्री मीच खेळलो होतो, हे वाक्य माझ्या तोंडात आलं होतं. ते तिथंच अडकलं. मी परत आलो.

पुढच्या पाडव्याला सालगड्यानं दुसऱ्याचं साल धरलं. कारण कोणी विचारलं नाही, त्यानंही सांगितलं नाही.

आता काकाजी नाहीत, टपरीही नाही. मुकुटबनला सिमेंटचा कारखाना झाला आहे आणि तो पोरगा तिकडं कामाला जातो. गावी गेलो की स्टँडवर भेटतो, चहा पाजतो, माझ्या पोरांची चौकशी करतो. त्या दिवाळीचा विषय त्यानं कधी काढला नाही. विसरला असं मला वाटत नाही, कारण मी विसरलेलो नाही. पुस्तक छापून आलं की पहिली प्रत घेऊन त्याच्याकडं जाणार आहे. पण हे पान त्यानं वाचायच्या आधी मला ते तोंडानं सांगायचं आहे.